दिल्लीसाठी एकच दिवस: बसची सहल, गाडी-गाइड की मेट्रो?

उत्तरेच्या सहलीला निघालेल्या मराठी कुटुंबाच्या कार्यक्रमात दिल्लीच्या वाट्याला बहुतेक वेळा एकच दिवस येतो. हरिद्वार-मसुरी उरकून परतताना, नाहीतर मथुरा-आग्र्याला जाता जाता. मग फोन येतो, "अगं, तू दिल्लीला जाऊन आली आहेस ना, बस लावू का गाडी करू?" हा प्रश्न मला इतक्यांनी विचारलाय की आता एकदाच सविस्तर लिहून टाकते. तिन्ही प्रकारांनी मी फिरले आहे. आई-बाबांबरोबर दिल्लीदर्शनच्या बसने, ताईच्या सासरच्या मंडळींबरोबर गाडी आणि गाइड घेऊन, आणि कामानिमित्त गेले तेव्हा एकटीने, मेट्रोने.

त्याआधी वार बघा. तुमचा दिवस सोमवार असेल तर लाल किल्ला बंद, लोटस टेंपल बंद, अक्षरधाम बंद, राष्ट्रीय संग्रहालयही बंद. शुक्रवारी दुपारी नमाजाच्या वेळी जामा मशिदीत पर्यटकांना सोडत नाहीत. १५ ऑगस्टच्या आधी काही दिवस लाल किल्ल्याचं दार लोकांसाठी उघडतच नाही. ट्रॅव्हल्सवाला हे आपणहून सांगेलच असं नाही. सोमवारी तो "लाल किल्ला बाहेरून" असं हळूच लिहून मोकळा होतो. सोमवारच असेल तर कुतुबमिनार आणि हुमायूनचा मकबरा उघडे असतात, त्या दोघांनाच सगळा दिवस द्या आणि बसच्या भानगडीत पडू नका.

आता बस. जाहिरातीत दहा-अकरा ठिकाणं असतात: बिर्ला मंदिर, इंडिया गेट, संसद भवन, राष्ट्रपती भवन, कुतुबमिनार, लोटस टेंपल, राजघाट, लाल किल्ला, अक्षरधाम. माणशी काही शे रुपयांत एवढं सगळं, म्हणून बाबा हरखले होते. मी त्या दिवशी घड्याळ लावून बसले होते, सवयच आहे. साडेआठची बस सगळी हॉटेलं फिरून माणसं गोळा करेपर्यंत सव्वानऊला खऱ्या अर्थानं निघाली. संसद आणि राष्ट्रपती भवन खिडकीतून झालं, "डाव्या हाताला बघा" म्हणेपर्यंत मागे पडलं. कुतुबला पाऊण तास मिळाला, त्यातली पंधरा मिनिटं तिकीट आणि तपासणीत गेली. उरलेल्या अर्ध्या तासात मिनार, मशिदीची ती कोरीव कमान, लोहस्तंभ आणि सगळ्यांचे फोटो. मग जेवण, गाइडच्या ओळखीच्या ठिकाणी. मग "सरकारी दराचं" एम्पोरियम, जिथं चाळीस मिनिटं आम्ही गालिचे बघितले. नको म्हटलं तरी बस तिथंच उभी, जाणार कुठं? म्हणजे प्रत्यक्ष कुतुबमिनार बघण्यापेक्षा जास्त वेळ आम्ही दुकानाला दिला. नऊ तासांच्या सहलीत उतरून, पायी फिरून काही बघितलं असा वेळ माझ्या हिशेबानं जेमतेम साडेतीन तास भरला.

अक्षरधाम हा बसवाल्यांचा शेवटचा टप्पा असतो, आणि तिथंच माणसं हरवतात. आत मोबाइल, कॅमेरा, बॅग काहीच नेता येत नाही, सगळं बाहेर जमा करायचं. रांग मोठी असते. फोन नाही म्हटल्यावर आठ जणांचं कुटुंब आत विखुरलं की एकमेकांना शोधणं मुश्किल. कुठल्याही प्रकारे गेलात तरी आत शिरण्याआधी भेटायची जागा आणि वेळ ठरवून ठेवा. तिथं खरं तर अर्धा दिवस लागतो. संध्याकाळी पाचला पोचून सातला निघायचं असेल तर मी ते यादीतून काढूनच टाकीन.

तरीही बस वाईट असं मी म्हणणार नाही. आई त्या दिवशी खूष होती. तिला दिल्ली "बघून आले" म्हणायचं होतं. एसीत बसून शहर डोळ्यांखालून गेलं, रिक्षावाल्याशी हुज्जत घालावी लागली नाही, रस्ता शोधावा लागला नाही. एकट्या माणसाला, किंवा ज्याला इतिहासात फारसा रस नाही पण सगळ्याचा एकेक फोटो हवा आहे त्याला, बस स्वस्तात काम करून देते. फक्त बुक करताना दोन गोष्टी विचारा: दुकानाचा थांबा आहे का, आणि यादीतल्या प्रत्येक ठिकाणी उतरवणार की गाडीतूनच दाखवणार. उत्तर गुळमुळीत आलं तर समजायचं.

गाडी आणि गाइड. इथं खर्च एकदम वाढतो, पण पाच-सहा जण असाल तर माणशी हिशेब तितका टोचत नाही. गाडीचं भाडं "८ तास ८० किलोमीटर" असं ठरतं. पार्किंग वेगळं, वेळ किंवा किलोमीटर वाढले तर जादा. हॉटेल गुरुग्राम किंवा नोएडाला असेल तर जाण्या-येण्यातच ऐंशीतले बरेच किलोमीटर खर्ची पडतात, तेवढं लक्षात ठेवा. गाइड वेगळा ठरवावा. पर्यटन मंत्रालयाचा परवाना असलेल्या गाइडकडे ओळखपत्र असतं, ते बघायला मागण्यात संकोच नको. लाल किल्ल्याच्या दारात "साहब, गाइड?" म्हणत मागे लागणाऱ्यांना तिकडे लपके म्हणतात. त्यातले काही मजेदार बोलतात, पण सांगतात ते खरं किती, हे देव जाणे.

गाइड पारखायचा माझा एक साधा उपाय आहे. फोनवर त्याला विचारा: लाल किल्ल्यातल्या दिवाण-ए-खासचं, म्हणजे बादशहाच्या खास दरबाराच्या दालनाचं, चांदीचं छत कुठं गेलं? बरेच जण सरळ नादिरशहाचं नाव घेतील. नादिरशहानं १७३९ मध्ये मयूरासन नेलं हे खरं, पण छत काढलं ते सदाशिवरावभाऊंनी, १७६० मध्ये. पानिपताआधी फौजेचा पगार थकला होता, पैसा येत नव्हता, म्हणून छताची चांदी उतरवून तिची नाणी पाडली. आमच्या गाइडनं हे सांगितलं, पण "मराठोंने लूट लिया" अशा शब्दांत. ताईचे सासरे, आम्ही त्यांना नाना म्हणतो, जागच्या जागी लाल झाले. मग त्या गाइडनंच पुढचं सांगितलं म्हणून त्याला मी चांगला गाइड म्हणते. १७७१ मध्ये महादजी शिंद्यांनी दिल्ली घेतली, परागंदा झालेला बादशहा शाहआलम पुढच्या वर्षी त्यांच्याच आधारानं या किल्ल्यात परतला आणि १८०३ मध्ये इंग्रजांनी शिंद्यांच्या फौजेला हरवून दिल्ली घेतली, तोपर्यंत बराच काळ इथल्या बादशाहीला मराठ्यांचाच टेकू होता. छत उतरवणारेही आपलेच आणि नंतर पहारा देणारेही आपलेच, हे एकाच दालनात उभं राहून ऐकताना नानांचा राग उतरला. फलकावर हे सगळं कोण वाचतंय?

गाइडचे पैसे वसूल होतात ते इथं. सनावळ्या मोबाइलवरही मिळतात. गाइड एका जागेचा धागा दुसरीशी जोडून देतो. हुमायूनचा मकबरा त्याच्या पत्नीनं, हाजी बेगमनं बांधवला, आणि जवळपास तीनशे वर्षांनी, १८५७ मध्ये, शेवटचा बादशहा बहादुरशाह जफर लाल किल्ला सोडून याच मकबऱ्यात आश्रयाला आला आणि इथंच पकडला गेला. सकाळी किल्ला बघून दुपारी मकबऱ्यात आलात आणि हे कोणी सांगितलं, की दोन वेगवेगळी तिकिटं एका गोष्टीची होतात.

गाडीची अडचण जुन्या दिल्लीत. लाल किल्ल्यासमोरून फतेहपुरी मशिदीकडे जाणाऱ्या चांदनी चौकाच्या मुख्य रस्त्यावर सकाळी ९ ते रात्री ९ मोटारींना बंदी आहे. ड्रायव्हर तुम्हाला किल्ल्याजवळ सोडणार आणि लांब कुठंतरी जाऊन उभा राहणार. परत बोलवायला वीस मिनिटं सहज जातात. म्हणून सकाळी पहिलं काम लाल किल्ला, मग सायकल रिक्षानं चांदनी चौक, सीसगंज गुरुद्वारा, आणि रस्त्याच्या तोंडाशीच असलेलं गौरीशंकर मंदिर. हे मंदिर आपा गंगाधर नावाच्या मराठा सरदारानं बांधल्याचं सांगतात. नानांना तेवढ्यावर दुसऱ्यांदा बरं वाटलं. मग दक्षिणेकडे सरकत दुपारी हुमायूनचा मकबरा आणि उन्हं कलता कुतुब. लाल किल्ला उत्तरेला, कुतुब पार दक्षिणेला, मकबरा साधारण मध्ये. या क्रमानं गेलात तर शहर दोनदा ओलांडावं लागत नाही. गंमत म्हणजे दिल्लीतली जागतिक वारशाच्या यादीतली स्थळं हीच तीन. जेवायला इंडिया गेटजवळ आंध्र भवनची थाळी, रांग असते पण सरकते.

गाडीवाल्यालाही यादी तुम्ही द्या, त्याची घेऊ नका. तीन मोठी ठिकाणं, एखादं छोटं, बस. लोटस टेंपल वास्तू म्हणून सुंदर आहे, सत्तावीस पाकळ्यांचं, पण आत शांत बसायचं असतं. धावत जाऊन धावत यायची ती जागा नव्हे. मुलं पंधरा वर्षांच्या आतली असतील तर पुरातत्त्व खात्याच्या स्थळांवर त्यांना तिकीट नाही. मोठ्यांचं कुतुब किंवा मकबऱ्याचं तिकीट चाळीसेक रुपये, ऑनलाइन काढलं तर थोडं कमी, आणि खिडकीवरची रांगही टळते.

मेट्रोबद्दल माझं मत पक्षपाती आहे, मला ती आवडते. जांभळ्या मार्गिकेवर लाल किला आणि जामा मशीद अशी चक्क नावाची स्थानकं आहेत. पिवळ्या मार्गिकेवर चांदनी चौक, चावडी बाजार, आणि टोकाकडे कुतुबमिनार. चावडी बाजारचं स्थानक जमिनीखाली खूप खोल आहे. एकामागून एक सरकते जिने चढून वर येता, तो थेट लग्नपत्रिका, पितळी भांडी आणि नळांच्या दुकानांच्या गर्दीत. असा प्रवेश कुठलीही बस देणार नाही. पण स्थानकाच्या नावावर विश्वासून चालायला लागू नका: "कुतुबमिनार" स्थानकापासून मिनार दीड-दोन किलोमीटरवर आहे, रिक्षा लागतेच. हुमायूनच्या मकबऱ्यालाही शेवटचा टप्पा रिक्षेनंच. शिवाय प्रत्येक स्थानकात बॅग यंत्रातून जाते, जिने-बोगदे पायी तुडवायचे, आणि मे-जूनच्या उन्हात हे सगळं म्हणजे शिक्षा. साठीपुढच्यांना घेऊन मी मेट्रोचा दिवस आखणार नाही, ते कितीही "आम्ही चालतो गं" म्हणाले तरी.

मेट्रोनं फिरणाऱ्यांनी गाइडवर पूर्ण पाणी सोडावं असंही नाही. सकाळच्या दोन-तीन तासांचा जुन्या दिल्लीचा हेरिटेज वॉक घ्यावा, असे अनेक मिळतात, वारसा जतनाचं काम करणारी इंटॅक ही संस्थाही करते. मग उरलेला दिवस आपला आपण. दोन-तीन तरुण मित्र, नवरा-बायको, किंवा एकटं फिरायची सवय असलेली बाई, यांना मी हेच सुचवते. खर्च बसइतकाच, आणि बघणं गाडीवाल्यांपेक्षा जास्त. मेट्रोत महिलांचा वेगळा डबा असतो, तो कामी येतो.

कशानंही गेलात तरी नवी दिल्ली स्टेशनाच्या बाहेर, पहाडगंजच्या बाजूला, "तुमचं बुकिंग रद्द झालंय, टुरिस्ट ऑफिसला चला" म्हणणारा माणूस भेटला तर त्याच्यामागे जाऊ नका. कॉनॉट प्लेसच्या आसपास सरकारी वाटाव्यात अशा पाट्या लावलेली खासगी ऑफिसं भरपूर आहेत. केंद्र सरकारचं खरं पर्यटन कार्यालय ८८, जनपथ इथं आहे.

माझं विचाराल तर: घरात आजी-आजोबा असतील, चार-पाच जण असाल, तर पैसे थोडे जास्त घालून गाडी आणि चांगला गाइड. खर्चाची ओढाताण असेल आणि सोबत कोणी नसेल तर बस. पाय धडधाकट असतील तर वॉक आणि मेट्रो. हिवाळ्यात डिसेंबर-जानेवारीत धुकं दाट असलं तर सकाळची पहिली जागा तासाभरानं पुढे ढकला, नाहीतर किल्ल्याच्या तटाऐवजी पांढरा पडदा बघून याल.

आमच्या गाडीच्या दिवशी संध्याकाळी पाऊण तास उरला होता. गाइडनं खरेदीचं सुचवलं. नाना म्हणाले, तालकटोऱ्याला न्या. बसच्या यादीत ते कधीच नसतं. १७३७ साली पहिले बाजीराव अचानक दिल्लीच्या दाराशी येऊन ठेपले, तेव्हाची चकमक याच तालकटोरा-रकाबगंजच्या बाजूला झाली. तिथल्याच स्टेडियममध्ये २०२५ च्या फेब्रुवारीत अठ्ठ्याण्णवावं मराठी साहित्य संमेलन भरलं होतं. बागेच्या बाकावर बसून नानांनी गाइडला पाऊण तास बाजीराव ऐकवला. तो मन लावून ऐकत होता, मधूनमधून वहीत टिपून घेत होता. निघताना नानांनी ठरलेले पैसे त्याच्या हातावर ठेवले आणि म्हणाले, "यातले पाऊण तासाचे माझे कापून घेतले असते, पण जाऊ दे."