दोन तलवारी, आठ महिने: वॉव क्लासिकमध्ये डाव्या हाताचा हिशोब

गेल्या बुधवारी रात्री वर्ल्ड ऑफ वॉरक्राफ्ट (वॉव) क्लासिक या ऑनलाइन खेळातल्या मोल्टन कोअरच्या रेडमध्ये, म्हणजे अनेकांनी मिळून करायच्या मोहिमेत, माझ्या डाव्या हातातली तलवार तुटली, आणि दोन बॉस (मोठे शत्रू) पडेपर्यंत मला ते कळलं नाही. चूक माझीच. आदल्या दिवशी बरेचदा मेलो होतो. एका मरणाला प्रत्येक वस्तूचा दहा टक्के टिकाऊपणा जातो. रेडच्या आधी लोहाराकडे गेलो, चिलखत दुरुस्त केलं, उजव्या हातातली तलवार दुरुस्त केली आणि डावीचे पैसे वाचवले. म्हटलं, अर्ध्या मजुरीच्या हाताला पूर्ण दुरुस्ती कशाला? हे लिहायला बसलो ते त्या वाचवलेल्या पैशांमुळे.

खेळाची याहून जास्त ओळख करून देत नाही. मी क्लासिक एरावर आहे, म्हणजे 60 व्या पातळीवर कायम थांबलेलं जग. ह्यूमन वॉरियर, म्हणजे मानवी योद्धा, फ्युरी शाखेचा. युरोपचा सर्व्हर, पिंग (सर्व्हरकडून उत्तर यायला लागणारा वेळ, मिलिसेकंदांत) 180 च्या खाली कधी येत नाही, आणि त्यांच्या संध्याकाळी आठची रेड हिवाळ्यात आपल्याकडे रात्री साडेबाराला सुरू होते. वॉरियरला दोन हत्यारांची विद्या 20 व्या पातळीला मिळते. मी ती त्याच दिवशी शिकलो, तासभर वापरली आणि पुन्हा दोन हातांची कुऱ्हाड घेतली ती थेट 58 पर्यंत. पातळ्या चढताना दोन हत्यारांच्या नादी लागू नका, एवढंच त्या काळाबद्दल सांगण्यासारखं आहे. त्यामुळे हे आठ महिने 60 नंतरचे.

माझी जोडी डाल'रेंडची. उजव्या हातात सेक्रेड चार्ज, वेग 2.8. डाव्या हातात ट्रायबल गार्डियन, वेग 1.8. दोन्ही अप्पर ब्लॅकरॉक स्पायरमध्ये रेंड ब्लॅकहँड या बॉसकडून मिळतात आणि एकत्र वापरल्या तर अटॅक पॉवर (वाराचं बळ) 50 ने वाढते. डावी मला तिसऱ्याच फेरीत मिळाली. उजवीसाठी एकतीस फेऱ्या. ह्यूमनला तलवारीचं कौशल्य 5 ने जास्त मिळतं, म्हणजे 300 ऐवजी 305. हे 5 क्षुल्लक वाटतात, पण रेडच्या बॉसवर आपले साधारण 40 टक्के साधे वार घसरून लागतात. 300 ला त्या घसरलेल्या वाराचं सरासरी 35 टक्के बळ वाया जातं, 305 ला 15 टक्के. म्हणून ह्यूमनने तलवार सोडून दुसरं काही धरायच्या आधी दहादा विचार करावा.

आता माझं दुखणं. डाव्या हाताचा वार अर्धा मोजतात. फ्युरीतल्या ड्युअल वील्ड स्पेशलायझेशन या टॅलेंटमध्ये (आपण निवडायच्या कौशल्यात) पाच गुण ओतले की तो साडेबासष्ट टक्क्यांवर जातो. रोग (Rogue, लपूनछपून लढणारा) या क्लासला त्याच नावाच्या टॅलेंटमध्ये तेच पाच गुण 75 टक्के देतात, आणि दोन हत्यारं दहाव्या पातळीलाच. ठीक, तो त्यांचा धंदा आहे. पण त्याहून खटकतं ते चुकणं. दुसरं हत्यार हातात घेतलं की प्रत्येक साध्या वाराच्या चुकण्यात 19 टक्के भर पडते. फक्त डाव्याच्या नव्हे, उजव्याच्याही. माझ्याकडे अंगावरच्या सामानातून 6 टक्के हिट आहे, म्हणजे वार चुकण्याची शक्यता तेवढी कमी. एकच तलवार धरली तर बॉसवर माझा साधा वार हुकत नाही, बॉसने चुकवला तर गोष्ट वेगळी. दुसरी तलवार घेतली की त्याच उजव्या हाताचे पाचातले एक वार हवेत. ज्या हाताने काही केलं नाही, त्यालाही शिक्षा.

मी जन्माचा डावखुरा आहे. जेवताना आजी डाव्या हातावर हलकी चापट मारायची, शाळेत बाई पेन्सिल काढून उजव्या हातात द्यायच्या. त्यामुळे असेल कदाचित, पण स्क्रीनवर डाव्या बाजूने ‘मिस, मिस’ येत राहिलं की मला ते नुसते आकडे वाटत नाहीत. मनापासून राग येतो.

आणि खर्च मात्र दोन्ही हातांना सारखा. क्रुसेडरचं एन्चांटमेंट, म्हणजे तलवारीवर करायची जादू, घ्या. एका तलवारीला दोन राइटियस ऑर्ब आणि चार लार्ज ब्रिलियंट शार्ड. दोन तलवारींना चार ऑर्ब आणि आठ शार्ड. ऑर्बसाठी मी स्ट्रॅथोम शहरात स्कार्लेट टोळीच्या शत्रूंच्या बाजूला चार शनिवार घालवले, कारण लिलावघरातला भाव मला परवडत नव्हता. एलिमेंटल शार्पनिंग स्टोन (धार लावायचा दगड) अर्ध्या तासाला एक, प्रत्येक तलवारीला वेगळा. दोन तासांच्या रेडला आठ. दगडाला दोन एलिमेंटल अर्थ लागतात, ते मी स्वतः गोळा करतो. दगड लावताना दर वेळी हात थांबतो. डावीला लावू की वाचवू? पाच महिने मी वाचवत आलो. नागपूरचा एक मित्र आमच्याच गिल्डमध्ये (खेळाडूंच्या गटात) रोग खेळतो, तो एकदा व्हॉइसवर म्हणाला, “डाव्याला उपाशी ठेवतो अन् वरून तोच काम करत नाही म्हणतो का बे?” तेव्हा मी वाद घातला होता.

इथपर्यंतचं शनिवारी लिहिलं होतं आणि निकालही ठरला होता: दोन हत्यारं म्हणजे गरीब वॉरियरला न परवडणारा शौक. रविवारी त्याच मित्राने बुधवारच्या रेडचा लॉग (सगळ्या वारांची नोंद) पाठवला आणि निकाल बदलावा लागला.

सल्फ्युरॉन आणि गोलेमॅग या दोन बॉसवर माझ्या डाव्या हाताचा रकाना कोरा. एरवी त्या रकान्यात माझ्या एकूण डॅमेजचा सहावा हिस्सा असतो. म्हणजे सहावा हिस्सा कमी व्हायला हवा होता. शिवाय एकच तलवार चालत असल्यामुळे उजव्या हाताचे वार हुकणं जवळपास थांबलं होतं, ते मी लॉगमध्ये मोजलं. तरीही एकूण आकडा जवळजवळ पावपट खाली. मग बाकीचं गेलं कुठे?

रेजमध्ये, म्हणजे वॉरियर ज्या शक्तीवर विशेष वार मारतो तिच्यात. 60 व्या पातळीला साध्या वारातून साधारण 30 डॅमेजमागे एक रेज मिळते. माझ्या डाव्या हाताचा बरा वार दीडशेचा, म्हणजे पाच रेज. ब्लडथर्स्ट या माझ्या विशेष वाराला 30 लागतात. डाव्याचे सहा वार म्हणजे उजव्याचा एक ब्लडथर्स्ट. 1.8 वेगाची तलवार मिनिटाला तेहतीस वेळा फिरते, क्रिटनंतर (जास्त जोराच्या वारानंतर) वेग वाढवणारी फ्लरी लागली की त्याहून जास्त. अनब्रायडल्ड रॅथ या टॅलेंटमधून अधूनमधून सुटी एक-एक रेज मिळते ती वेगळी. हे सगळं बंद पडलं होतं. त्या दोन बॉसवर ब्लडथर्स्टचं बटण तयार आणि रेज वीस-बावीसवर अडकलेली, हे मला खेळताना जाणवलं होतं. मी नेटला दोष दिला होता.

डावा हात स्वतःच्या रकान्यात कमी दिसतो, कारण त्याची कमाई उजव्याच्या रकान्यात लिहिली जाते. आठ महिने मी चुकीचा रकाना वाचत होतो. दोन बॉस म्हणजे पुरावा नव्हे हे मान्य, म्हणून रविवारी रात्री अप्पर ब्लॅकरॉक स्पायरच्या दोन फेऱ्या केल्या, एक डावी काढून, एक घालून. कौल तोच लागला.

मग हिरोइक स्ट्राइक या विशेष वाराचं ते जुनं तंत्र मनावर घेतलं. मला ते ऐकून माहीत होतं, पण एवढ्या पिंगवर जमणार नाही म्हणून कधी करून पाहिलं नव्हतं. हिरोइक स्ट्राइक दाबला की तो उजव्या हाताच्या पुढच्या वारासाठी रांगेत बसतो. तो रांगेत असेपर्यंत डाव्या हाताच्या वाराला ते 19 टक्के लागत नाहीत. म्हणजे 6 टक्के हिट असलेल्या माझ्यासारख्याचा डावा हात तेवढा वेळ हुकतच नाही. उजवा वार पडायच्या आधी रेज पुरेशी नसेल तर मॅक्रोने (स्वतः बांधलेल्या आज्ञेच्या बटणाने) हिरोइक स्ट्राइक रद्द करायचा, म्हणजे रेज खर्च होत नाही. ऐकायला सोपं आहे. माझ्या पिंगवर रद्द करायला जरा आधीच दाबावं लागतं; उजव्या तलवारीच्या 2.8 सेकंदांतली शेवटची चार दशांश मी सोडूनच देतो. पहिल्या संध्याकाळी रेज सारखी सांडली. तिसऱ्या संध्याकाळी तालात आलं. डाव्या बाजूचं ‘मिस’ एकदम कमी झालं, आणि रात्री दोन वाजता, घरात सगळे झोपलेले असताना, मला इतका आनंद झाला की खुर्चीतून उठून दोन मिनिटं खोलीत फिरलो. या खेळात इतक्या दिवसांत असं झालं नव्हतं.

तक्रार मागे घेत नाही. उजव्या हातालाही 19 टक्के लावणं मला आजही पटत नाही. व्हर्लविंड हा विशेष वार 60 च्या या जगात फक्त उजव्या हातानेच लागतो, तेही खटकतं. आणि हे रांगेचं तंत्र खेळात कुठेही लिहिलेलं नाही. नव्या वॉरियरला कोणी सांगितलं तरच कळतं, म्हणून इथे सविस्तर लिहिलं.

नव्याने घेणाऱ्यांना खर्चाचं थोडं सांगतो. हिट 6 टक्के झाल्याशिवाय, आणि ह्यूमनची तलवार किंवा ऑर्कची कुऱ्हाड हातात नसेल तर 9 टक्के झाल्याशिवाय, दोन हत्यारं घेऊन रेडला जाऊ नका, ब्लडथर्स्टसुद्धा हुकेल. डाल'रेंडची उजवी मिळेपर्यंत थांबायचीही गरज नाही. स्कोलोमान्सच्या रास फ्रॉस्टव्हिस्पर या बॉसच्या क्वेस्टमधून (कामगिरीतून) मिराज् साँग ही तलवार मिळते, ती डाव्या हाताला चांगली आहे आणि तिच्यासाठी नशीब लागत नाही. पैसे एकाच क्रुसेडरचे असतील तर आधी उजवीला. पण दगड दोन्हींना लावा.

आज बुधवार. लोहाराकडे जाऊन आलो, दोन्ही तलवारी पूर्ण दुरुस्त. पिशवीत आठ दगड आहेत. साडेबाराला रेड.