टेबलावरचा क्लाउड चेंबर: पेल्टियर संच घ्यावा का?

क्लाउड चेंबर म्हणजे डोळ्यांना न दिसणाऱ्या सूक्ष्म कणांचे माग दाखवणारी पेटी. तिच्यातल्या काळ्या थंड पत्र्यावर एक पांढरी रेघ उमटते, सेकंदभर टिकते आणि विरते. ती रेघ म्हणजे कण नव्हे. कण केव्हाच पार निघून गेलेला असतो. जाताजाता त्याने हवेतल्या रेणूंचे इलेक्ट्रॉन उडवले, मागे आयनांची (विद्युतभारित रेणूंची) ओळ राहिली आणि त्या आयनांवर अल्कोहोलची वाफ थेंब होऊन बसली. आपल्याला दिसते ती ही थेंबांची ओळ. स्कॉटिश भौतिकशास्त्रज्ञ सी. टी. आर. विल्सन यांनी १९११ मध्ये हवा अचानक प्रसरण पाववून असे माग पहिल्यांदा पाहिले आणि १९२७ चं नोबेल त्यांना याच कामासाठी मिळालं. त्यांच्या चेंबरमध्ये माग क्षणभरच दिसत. इथे तपासलेला पेल्टियर संच विसरण पद्धतीचा आहे: वरून वाफ, खाली गारठा. त्यामुळे तो सतत चालू राहतो.

संचात अ‍ॅक्रिलिकची पेटी, अल्कोहोल धरून ठेवणारी फेल्टची (दाबून बनवलेल्या जाड कापडाची) पट्टी, ४० मिमीचा काळा अ‍ॅल्युमिनियमचा पत्रा, एकावर एक ठेवायचे दोन पेल्टियर मोड्यूल (वीज दिली की एक बाजू गार आणि दुसरी गरम होणाऱ्या चकत्या), पंखा लावलेला हीटसिंक (उष्णता बाहेर टाकणारा धातूचा ठोकळा) आणि एलईडी पट्टी येते. बर्फ लागत नाही, हा मोठा फायदा. कोरडा बर्फ उणे ७८ अंशांचा असतो, पण तो दर वेळी आणावा लागतो आणि उरलेला टिकत नाही.

सगळं यश पत्र्याच्या तापमानावर. पत्रा साधारण उणे २५ अंशांखाली गेला तरच त्याच्या वर काही मिलिमीटर जाडीचा अतिसंतृप्त (हवेत मावते त्याहून जास्त वाफ असलेला) थर तयार होतो आणि माग फक्त त्या थरातच दिसतात. इथेच संच कमी पडतो. दोन्ही मोड्यूलना सारखेच १२ व्होल्ट दिलेत, ते चूक आहे. वरच्या मोड्यूलने खेचलेली उष्णता आणि त्याने स्वतः खाल्लेली वीज, दोन्ही खालच्याच्या माथी येतात आणि त्याला ते पेलत नाही. वरच्याला ५ व्होल्ट, खालच्याला १२ व्होल्ट द्या; पत्रा उलट जास्त गार होतो. दुसरी कमतरता हीटसिंकची. त्याला साठ-सत्तर वॅट उष्णता बाहेर टाकायची असते. गरम बाजू तापली की थंड बाजूही तिच्यामागोमाग वर सरकते आणि उन्हाळ्यात नुसतं धुकं दिसतं, रेघा नाहीत. कॉम्प्युटरच्या प्रोसेसरवर बसवतात तो मोठा टॉवर कूलर किंवा पाण्यावर चालणारा कूलर लावला की हा प्रश्न सुटतो. थर्मल पेस्ट पातळच पसरावी. स्क्रू समोरासमोरचे, थोडे थोडे आवळावेत. एकीकडून आवळले तर मोड्यूलची सिरॅमिक चकती तडकते.

अल्कोहोल आयसोप्रोपिलच हवं आणि ९९ टक्क्यांचं. ७० टक्केवाल्यातलं पाणी पत्र्यावर हिम होऊन बसतं आणि काळी पार्श्वभूमी पांढरी होते. फेल्टला ५ ते १० मिलिलिटर पुरे. थेंब गळायला लागले तर जास्त झालं. याच अल्कोहोलमुळे अ‍ॅक्रिलिकला बारीक चिरा पडतात, म्हणून पेटी काचेची करून घेणं शहाणपणाचं. पेटीच्या खालच्या कडेला फोमची पट्टी लावा, कारण फटीतून आलेल्या झुळकेने थर ढवळला जातो. ही वाफ पेट घेते. जवळ ज्योत किंवा ठिणगी नको.

झाकण लावल्यावर दहा-पंधरा मिनिटं थांबा. आधी बारीक पावसासारखे थेंब पडताना दिसतात, मग रेघा. खोली अंधारी ठेवा, प्रकाश पत्र्याला जवळपास समांतर सोडा. थर धुकट राहत असेल तर लोकरीवर घासलेला फुगा झाकणाजवळ धरा. त्या विद्युत क्षेत्राने जुने आयन ओढले जातात आणि नवे माग स्वच्छ उठतात. संचात यासाठी काहीच दिलेलं नाही, ते द्यायला हवं होतं.

सोबतच्या पुस्तिकेत प्रत्येक रेघ वैश्विक किरणांची, म्हणजे अवकाशातून येणाऱ्या कणांची, म्हटली आहे. हे साफ चुकीचं आहे. जाड, आखूड, ठसठशीत रेघ अल्फा कणाची (हीलियमच्या केंद्रकाची), बहुधा हवेतल्या रेडॉन या किरणोत्सारी वायूतून आलेल्या. बारीक, वेडीवाकडी रेघ इलेक्ट्रॉनची. म्यूऑनची (वैश्विक किरणांमुळे वातावरणात तयार होणाऱ्या, इलेक्ट्रॉनसारख्याच पण जड कणाची) रेघ बारीक आणि सरळ. समुद्रसपाटीला आडव्या चौरस सेंटिमीटरमधून मिनिटाला सुमारे एक म्यूऑन जातो, म्हणजे या पत्र्यावर मिनिटाला सोळाएक. पण बहुतेक वरून खाली येतात आणि थर पातळ असतो, म्हणून ते ठिपक्यासारखे दिसतात. लांब सरळ रेघ तिरप्या म्यूऑनची असते आणि ती क्वचित दिसते. तिची वाट बघण्यात खरी मजा आहे.

अल्फा हमखास बघायचे तर थोरियमयुक्त टंगस्टनचा, लाल टोकाचा वेल्डिंग इलेक्ट्रोड आत ठेवा. तो घासू नका, त्याची धूळ श्वासात जाता कामा नये. दुसरा उपाय फुग्याचा: घासलेला फुगा बंद खोलीत अर्धा तास टांगा, हवा काढून तुकडा पेटीत ठेवा. त्यावर रेडॉनपासून बनलेली मूलद्रव्यं चिकटलेली असतात. त्यांचे अर्धायुकाल (निम्मे अणू विघटित व्हायला लागणारा वेळ) सुमारे २७ आणि २० मिनिटांचे, त्यामुळे सुरुवातीला दाट दिसणाऱ्या रेघा तासा-दीड तासात डोळ्यांदेखत विरळ होत जातात.

पहिल्यांदा चालू करताना अल्कोहोल घालू नका. पेल्टियरच्या तारा उलट जोडल्या गेल्या तर पत्रा गार होण्याऐवजी भाजण्याइतका तापतो, आणि संचातल्या दोन्ही तारा काळ्याच आहेत. आधी कोरडं चालवा, पत्र्यावर दव धरतंय ना ते पाहा, मग तारांवर खुणा करून ठेवा.