योझेफ हाडरचे चित्रपट: काय घ्यावं, काय मागे ठेवावं

हाडरचे चित्रपट ‘विनोदी’ या शिक्क्याखाली विकले जातात आणि गिऱ्हाईक तिथेच फसतं. ऑस्ट्रियाचा हा काबारे-कलाकार (म्हणजे रंगमंचावर बोचरा विनोद करणारा, नाचणारा नव्हे; जन्म १९६२) हसवतो, पण हसता हसता पात्राची पार वाट लावून ठेवतो. पटकथेत त्याचा हात असेल तर त्याच्यातला नटही जास्त खुलतो. म्हणून पोस्टर नंतर बघा, आधी श्रेयनामावली बघा.

सुरुवात ‘इंडियन’ने (१९९३) करा. आल्फ्रेड डोर्फरसोबत लिहिलेल्या नाटकावरून पाउल हाराटरने तो केला. खाणावळी तपासत हिंडणारे दोन निरीक्षक, डोर्फर अखंड बडबड्या, हाडर बिअर ढोसणारा घुम्या. (‘इंडियन’ म्हणजे जर्मनमध्ये भारत, पण नावावर जाऊ नका, भारत कुठेच दिसत नाही.) अर्ध्यानंतर गोष्ट थेट इस्पितळात शिरते. हा बदल काहींना खटकतो, पण पहिल्या भागातल्या फालतू गप्पांमुळेच दुसरा भाग इतका लागतो.

हाडरने साकारलेल्या ब्रेनर या माजी पोलिसाचे चार चित्रपट आहेत: २०००, २००४, २००९ आणि २०१५. दिग्दर्शन वोल्फगांग मुर्नबेर्गरचं, पटकथा तो, हाडर आणि मूळ कादंबरीकार वोल्फ हास अशा तिघांची. गोष्टी सुट्या आहेत, त्यामुळे क्रमाची चिंता नको. एकच घ्यायचा तर ‘डेर क्नोखेनमान’ (२००९). ब्रेनर थकलेल्या हप्त्यांची गाडी जप्त करायला एका खाणावळीत जातो. तिच्या तळघरात हाडं दळायचं यंत्र आहे. मालकाच्या भूमिकेत योझेफ बिअरबिखलर आहे आणि हाडर त्याला मोकळं रान देतो. हे मोठेपण फार थोड्या नायकांना जमतं.

दिग्दर्शक हाडर उशिरा आला. ‘विल्डे माउस’मध्ये (२०१७) नोकरी गेलेला संगीतसमीक्षक बायकोपासून ते लपवतो, व्हिएन्नाच्या प्राटर या करमणूक-उद्यानात दिवस काढतो आणि साहेबाचा सूड उगवतो. सूड, उद्यानातल्या रोलरकोस्टरची दुरुस्ती आणि संसार ही तीन सूत्रं ओढताना उत्तरार्ध सैल पडतो. ‘आंद्रेआ लेस्ट झिश शायडेन’ (२०२४) कितीतरी घट्ट आहे. केंद्रस्थानी बिर्गिट मिनिखमायरची पोलीस अधिकारी, आणि हाडर स्वतः बाजूला, धर्मशिक्षकाच्या भूमिकेत. गावाकडचा अंधारा रस्ता, एक अपघात, बस.

सुरुवातीच्या नियमाला एक सणसणीत अपवाद: ‘फोर डेर मोर्गनर्योटे’ (२०१६). पटकथेत हाडर नाही. दिग्दर्शिका मारिया श्राडर, तीही मुळात अभिनेत्री. परागंदा ऑस्ट्रियन लेखक श्टेफान त्स्वाइग साकारताना हाडर अगदी कमी बोलतो. शेवटच्या लांबलचक शॉटमध्ये कपाटाच्या आरशाकडे लक्ष ठेवा.

आता डिस्कबद्दल. जर्मन-ऑस्ट्रियन डीव्हीडी साधारणपणे रीजन २च्या, ब्लू-रे रीजन बीच्या. डिस्क त्याच रीजनच्या प्लेअरवर चालते, म्हणून प्लेअर आधी तपासा. इंग्रजी सबटायटल्स आहेत असं गृहीत धरू नका, वेष्टनावर पाहा. पुस्तकी जर्मन शिकलेल्यांनीही जर्मन सबटायटल्स चालू ठेवावीत, कारण बोली ऑस्ट्रियन आणि अर्धे विनोद गिळलेल्या शब्दांत. डबिंग टाळाच. पाल (युरोपातली टीव्ही-पद्धत) डीव्हीडीवर चित्रपट सेकंदाला २४ऐवजी २५ फ्रेम्सनी धावतो, म्हणून १०३ मिनिटांचा ‘विल्डे माउस’ ९९ मिनिटांतच संपला तर कापाकापी झाली असं समजून डिस्क परत पाठवू नका.