दांडेलीची पक्षिनिरीक्षण फेरी आणि बदामी ठिपक्यांचा सुतार

दांडेलीच्या जंगलातील सकाळच्या या फेरीला मी एकाच पक्ष्यासाठी गेलो होतो आणि वाटाड्याने तो मनाजोगता दाखवला. हृदयांकित सुतार जेमतेम १६ सेंटिमीटरचा असतो; डोके मोठे, त्यावर टोकदार तुरा आणि शेपूट इतके आखूड की उडताना पक्षी अर्धवटच वाटतो. वाळक्या फांदीच्या टोकाशी मादी बसली होती. तिचे पांढरट कपाळ आणि पंखांवरचे बदामाच्या आकाराचे काळे ठिपके ८ × ४२ च्या (आठपट मोठे दाखवणाऱ्या) दुर्बिणीतून लख्ख दिसले. नराचे कपाळ काळे असते, ही खूण आधीच सांगितलेली असल्यामुळे ओळखताना अडले नाही. याच्या पाठीवरील काही पिसांतून राळेसारखा सुगंधी स्राव पाझरतो, हेही तिथेच कळले. इतर पक्ष्यांच्या मिश्र थव्यांबरोबर फिरणारा हा सुतार एका झाडावर फार वेळ टिकत नाही. म्हणून हाक ऐकताच सर्वांना जागीच थांबवणाऱ्या वाटाड्याचा संयम मला फार मोलाचा वाटला.

एक गोष्ट मात्र खटकली. नर दिसावा म्हणून शेवटी मोबाइलवर ध्वनिमुद्रित हाक वाजवली गेली. नोव्हेंबर ते एप्रिल हा या पक्ष्याच्या विणीचा काळ असतो आणि आम्ही जानेवारीत गेलो होतो; अशा वेळी खोट्या हाकेला प्रतिस्पर्धी समजून पक्षी विचलित होऊ शकतो आणि विणीत व्यत्यय येऊ शकतो. आयोजकांनी ही पद्धत तातडीने बंद करावी.