डिझायरच्या रिम बदलताना: बाजारातली मॅग, कंपनीची अलॉय की साधी लोखंडी?

गोव्यात पाच-सहा पावसाळे घरची गाडी चालवली की टायरच्या आधी रिमच मान टाकते. टायरवाला चाक यंत्रावर फिरवतो, कड डोळ्यांदेखत वरखाली होते, आणि तो विचारतो, "ठोकून देऊ की नवी घेता?" एकदा ठोकलेली रिम चालते. तीच दुसऱ्यांदा ठोकायला मी देत नाही.

नवी घ्यायची ठरली, आणि गाडी डिझायर, स्विफ्ट किंवा त्यांच्याच पंगतीतली असली, तर तीन गोष्टींतून निवडायचं असतं. बाजारातली मॅग (म्हणजे बाहेरच्या कंपनीने बनवलेली अलॉय, मिश्रधातूची रिम), गाडीच्या कंपनीचीच अलॉय (नवी किंवा कुणीतरी उतरवलेली), नाहीतर साधी लोखंडी आणि वर प्लास्टिकचं कव्हर. माझी डिझायर जुनी घेतलेली. आधीच्या मालकाने तिला सोळा इंची काळी मॅग चढवली होती. ती काढल्यावर मधले काही महिने लोखंडीवर चालवली आणि आता कंपनीच्या अलॉयवर आहे. म्हणजे एकाच गाडीवर, एकाच रस्त्यावर तिन्ही पाहून झालीत. तरी हे माझ्या गाडीपुरतं आणि फोंड्याच्या आसपासच्या रस्त्यांपुरतं धरा.

मापांचं आधी उरकतो. टायरवरचे आकडे म्हणजे रुंदी मिमीत, बाजूच्या भिंतीची उंची रुंदीच्या टक्क्यांत आणि रिम इंचांत. २०१७ नंतरच्या डिझायरच्या खालच्या मॉडेलला १६५/८० आर १४ टायर येत असे, वरच्याला १८५/६५ आर १५. कागदावर हिशेब केला तर पहिल्याचा बाहेरचा व्यास ६१९.६ मिमी येतो, दुसऱ्याचा ६२१.५. बलेनोच्या वरच्या मॉडेलचा १९५/५५ आर १६ घेतला तर ६२०.९. तिन्ही चाकं बाहेरून जवळपास सारखीच. त्यामुळे या तिघांत अदलाबदल केली तरी स्पीडोमीटर फसत नाही, आणि डिकीतली चौदा इंची लोखंडी स्टेपनी पंधरा इंची चाकांच्या जोडीला घरी पोचण्यापुरती बिनधास्त चालते. दुकानदार "थोडा मोठा टायर टाकूया, भरलेला दिसतो" म्हणाला तर त्याचा व्यास या ६२० च्या जवळ येतो का, एवढं मोबाईलवर मोजून घ्या. चवथीला गावी जाताना मागे तिघं, डिकीत माटोळीचं सामान आणि नारळाचं पोतं असतं. टायर आतून घासतो तो तेव्हाच, दुकानासमोर रिकाम्या गाडीला घासत नाही.

बाहेरचा व्यास तोच राहिला आणि रिम वाढली तर फरक रबरातूनच निघणार. टायरची बाजूची भिंत चौदाला १३२ मिमी, पंधराला १२०, सोळाला १०७. शोरूममध्ये हे पंचवीस मिमी कुणी मोजत नाही. पावसाळ्यात पाण्याने भरलेला खड्डा किती खोल ते कळत नाही, आणि तो धक्का रबर खातं की रिम, ते या पंचवीस मिमीवर ठरतं. आमच्याकडे गावागावांत गतिरोधक आहेत, त्यातले काही बिनरंगाचे. सोळा इंचीवर असताना आई मागे बसली की प्रत्येक गतिरोधकाला "हळू रे" ऐकू यायचं. पंधरावर ते बरंच कमी झालं. चौदावर तर ती झोपायची.

पीसीडी, म्हणजे नटांच्या भोकांचं वर्तुळ, यात दुकानदार सहसा चुकत नाही. स्विफ्ट, डिझायर, बलेनो, आय २०, होंडा सिटी, सगळ्यांना ४ बाय १०० लागतं. घोळ त्याच्या पुढे सुरू होतो, कारण चार भोकं जुळली की दुकानात "फिट" म्हणतात. मारुतीच्या स्टडचा, म्हणजे नट ज्यावर फिरतो त्या दांड्याचा, आटा १.२५ मिमीचा असतो, ह्युंदाई आणि होंडाचा १.५ चा. डब्यातला हाताला लागेल तो नट हवेच्या गनने चढवला तर स्टड गेलाच. होंडाच्या कंपनी नटांचं टोक गोलाकार असतं, तर बाजारातल्या मॅगला लागतं निमुळतं. तिथे जुने नट नव्या रिमवर वापरायचे नाहीत, आणि स्टेपनी लोखंडी असेल तर तिच्यासाठी जुने नट डिकीत ठेवायचे. बाजारातल्या काही मॅगच्या भोकात साधा पाना जातच नाही, वेगळे बारीक नट आणि त्यांची वेगळी चावी लागते. ती चावी रात्री चोर्ला घाटात सापडली नाही तर काय, याचा विचार दुकानातच करा.

ईटी म्हणजे रिमचा गाडीला टेकणारा भाग तिच्या मध्यापासून किती मिमी सरकलेला आहे ते. त्याबद्दल एवढंच, की रिमच्या मागे कोरलेला तो आकडा कंपनीच्या आकड्याच्या जवळ हवा. रुंदी तीच राहून ईटी ४५ चा ३५ झाला तर चाक दर बाजूला एक सेंटिमीटर बाहेर येतं. दिसायला रुबाबदार दिसतं. पण बेअरिंगवर ओढ वाढते, आणि आमच्याकडचा तांबडा चिखल दारांच्या हँडलपर्यंत उडतो. उसगाव-धारबांदोडा बाजूला पावसात एकदा जाऊन या, मग कळेल.

आता मूळ दुखणं. चाकाच्या मधोमध भोक असतं आणि गाडीच्या हबला, म्हणजे चाक ज्यावर बसतं त्या भागाला, पुढे एक गोल ओठ असतो. कंपनीच्या रिममध्ये ते भोक त्या ओठावर बरोबर बसतं. मारुतीत ५४.१ मिमी, ह्युंदाईतही ५४.१, होंडा सिटीत ५६.१. चाक मध्यावर धरायचं काम तो ओठ करतो, नट ते आवळून ठेवतात. बाजारातली मॅग एकाच साच्यात दहा गाड्यांसाठी काढलेली असते, म्हणून तिचं भोक मोठं, बहुतेक वेळा ७३.१. दोन्ही बाजूंना साडेनऊ मिमी मोकळी जागा. ती भरायला मधे एक कडी घालतात, हब रिंग. प्लास्टिकची किंवा अॅल्युमिनियमची, बांगडीएवढी. दुकानदाराला विचारली तर अर्ध्या ठिकाणी "तिची गरज नसते साहेब" असं उत्तर मिळतं.

तो अगदीच खोटं बोलत नाही. निमुळते नट नीट, आलटून-पालटून आवळले तर ते चाक बऱ्यापैकी मध्यावर आणतात, आणि कडीशिवाय वर्षानुवर्षं गाडी चालवणारे माझ्या ओळखीत आहेत. पण त्यासाठी चाक हवेत असताना नट आवळायला हवेत, गनने एका झटक्यात नव्हे. चाक जमिनीला टेकल्यावर आवळलं तर हब मोकळ्या जागेत केसभर खाली बसतो, आणि तो केस मग स्टिअरिंगमध्ये येतो.

माझ्या गाडीत तो यायचा. शहरात काही नाही, साठला काही नाही. महामार्ग ६६ वर पेडण्याच्या बाजूला रस्ता मोकळा मिळाला आणि काटा ऐंशीवर गेला की स्टिअरिंग हातात थरथरायला लागायचं, पंचाण्णवच्या पुढे परत शांत. बॅलन्सिंग केलं. अलाइनमेंट केली, जिचा या थरथरीशी फारसा संबंध नसतो, पण बिलात ती येतेच. पुढचे टायर मागे, मागचे पुढे. शेवटी एका म्हाताऱ्या मेस्त्रीने चाक काढून आत बोट फिरवलं आणि हसला. एका चाकाची कडी नव्हती, दुसऱ्याची प्लास्टिकची कडी ब्रेकच्या उष्णतेने तडकली होती. नव्या कड्या आणल्या, चाकं हवेत ठेवून नट आवळले, थरथर गेली.

आणि परत आली, हेच खरं रडगाणं. पंक्चर झालं, चाक निघालं, कडी कुठेतरी घरंगळली. पंक्चरवाल्या पोराला ती कडी म्हणजे काय हे माहीत नाही, आणि त्यात त्याचा दोष नाही, त्याच्याकडे येणाऱ्या दहातल्या आठ गाड्यांत ती नसते. मग अॅल्युमिनियमच्या कड्या घातल्या. त्या हरवत नाहीत, कारण दोन पावसाळ्यांत खाऱ्या हवेने हबला अशा चिकटतात की चाक काढायला मागून हातोडा मारावा लागतो. म्हणजे प्लास्टिकची घातली तर हरवते आणि धातूची घातली तर निघत नाही. चाक काढलं की कडी आहे का बघा, बसली का बघा, पोराला समजावून सांगा. घरात मी एकटा गाडी चालवत असतो तर हे केलंही असतं. पण गाडी बायको नेते, मुलगा नेतो, पंक्चर कुठेही होतं. प्रत्येकाने एका बांगडीची आठवण ठेवायची, ही अपेक्षा घरच्या गाडीकडून मला जास्त वाटली. मॅग त्याच पायी गेली. दिसायला ती तिघांत सरसच होती, आणि मुलगा अजून तेच म्हणतो.

लोखंडीबद्दल मला आदर आहे. खड्ड्यात आपटली तर वाकते, सहसा तडकत नाही, आणि कुठल्याही गावात ठोकून सरळ होते. तडकलेली अलॉय वेल्डिंग करून देणारे आहेत, पण त्या चाकावर मी घरच्यांना बसवणार नाही. लोखंडी स्वस्त, चौदा इंची टायरही स्वस्त, स्टेपनीही तीच, नटही तेच, हब बरोबर बसतो. दाबोळीला किंवा वास्कोला, म्हणजे समुद्राजवळ, रोज जाणं नसेल आणि घर आत डिचोली, साखळी, वाळपई बाजूला असेल तर मी आग्रहाने लोखंडीच घ्या म्हणेन. माझी अडचण गंजाची. आमचं येणं-जाणं चोडणच्या फेरीबोटीवरून असतं. भरतीच्या वेळी धक्क्याचा उतार ओला असतो, चाकं खाऱ्या पाण्यातूनच वर चढतात. कव्हरखाली गंज दिसत नाही, तो टायर बसतो त्या कडेवर धरतो आणि हवा हळूहळू जायला लागते. घासून, रंग मारून परत बसवता येतं. वर्षाआड ते करायची तयारी असेल तर लोखंडीत उणं काही नाही.

अलॉयला गंज नाही असं समजू नका. डायमंड कट म्हणतात त्या चकचकीत कापलेल्या रिमचा वरचा लॅकर एक खडा लागून उडाला की आत पांढऱ्या किड्यासारख्या रेघा पसरतात, आणि समुद्राजवळ त्या लवकर पसरतात. म्हणून मी साध्या चंदेरी रंगाच्या शोधल्या. कंपनीच्या नव्या घेतल्या तर किंमत ऐकून माणूस खुर्ची शोधतो, हे खरं. पण नवी गाडी घेतल्याबरोबर मोठी मॅग चढवणारे हौशी लोक गोव्यात कमी नाहीत, बेळगावात तर त्याहून जास्त, आणि त्यांनी उतरवलेला पंधरा इंची संच बाजारात फिरत असतो. मला तसाच मिळाला. हबवर टक् करून बसला, कडी नाही, वेगळे नट नाहीत, पाना गाडीतलाच. ऐंशीला स्टिअरिंग गप्प.

उतरवलेला संच घेताना एक खबरदारी. कंपनीच्या डिझाइनची हुबेहूब नक्कल विकली जाते, समोरून ओळखू येत नाही. चाक उलटं करून मागे बघा. रुंदी, ईटी, आयएसआयचं चिन्ह आणि आयएस १६१९२ किंवा जेडब्ल्यूएल (चाकांच्या दर्जाची भारतीय आणि जपानी खूण) कोरलेलं आहे का ते पाहा, आणि मधलं भोक मोजा. व्हर्नियर नसेल तर साधी पट्टीही चालते, कारण ५४ आणि ७३ मधला फरक पट्टीवरही लपत नाही. भोक मोठं निघालं तर चिन्ह काहीही असो, ते बाजारातलंच चाक आहे. मग कड्या आल्याच. चारही चाकं टायरवाल्याच्या यंत्रावर टायर न चढवता फिरवून घ्या. विकणारा यालाच नको म्हणत असेल तर उठून या.

बसवल्यावर नट हाताने सुरू करायला लावा, गन नंतर. शंभरेक किलोमीटर झाले की गाडीतल्या पान्याने सगळे परत एकदा आवळून घ्या. मॅगवाला संच सोबत असेल तर तो विकताना कड्याही देऊन टाका. माझ्या दोन टूलबॉक्समध्येच राहिल्या, आणि घेणाऱ्याचा परवा फोन आला होता की ऐंशीला गाडी थरथरते.