पायथनची स्ट्रिंग: आतली बांधणी उत्तम, वचन मात्र महागडे

प्रोग्रामिंग भाषा निवडताना तिचा वेग पाहिला जातो, तिच्या लायब्ररी पाहिल्या जातात, तिच्यात कामे किती मिळतात याचीही चौकशी होते. ती भाषा मजकूर मेमरीत कसा ठेवते, हे मात्र सहसा कोणी विचारत नाही. वास्तविक वेब सर्व्हर असो की लॉग वाचणारी स्क्रिप्ट, चालू प्रोग्रामच्या मेमरीतला मोठा वाटा अनेकदा स्ट्रिंगच (प्रोग्राममधल्या मजकुराच्या माळा) व्यापून बसलेल्या असतात. म्हणून हे परीक्षण पायथनच्या एकाच डेटा टाइपचे, म्हणजे स्ट्रिंगचे आहे. तपासलेली आवृत्ती ६४-बिट यंत्रावरची सीपायथन ३.१२ (पायथनची मूळ, सर्वाधिक वापरली जाणारी अंमलबजावणी) असून इतर भाषांचा उल्लेख तुलनेपुरताच आहे.

आधी थोडी पूर्वपीठिका सांगितली पाहिजे, कारण आजची रचना एका जुन्या दुखण्यावरचा उपाय म्हणून आली. ३.३ च्या आधी पायथन दोन प्रकारे बिल्ड (मूळ कोडपासून तयार) करता येत असे. अरुंद बिल्डमध्ये स्ट्रिंगचा प्रत्येक घटक २ बाइटचा असे आणि रुंद बिल्डमध्ये ४ बाइटचा. ६५,५३५ च्या पुढचा कोड पॉइंट (युनिकोड या जागतिक लिपी-संकेतात प्रत्येक चिन्हाला दिलेला क्रमांक), उदाहरणार्थ एखादा इमोजी, अरुंद बिल्डमध्ये दोन घटकांत विभागला जाई आणि त्याची लांबी २ भरे. रुंद बिल्डमध्ये तीच लांबी १ येई. एकच प्रोग्राम दोन यंत्रांवर दोन उत्तरे देत असे आणि दोन्ही उत्तरे त्या त्या ठिकाणी नियमाला धरूनच असत. सप्टेंबर २०१२ मध्ये आलेल्या ३.३ ने पेप ३९३ या प्रस्तावानुसार हा प्रकार बंद केला. तेव्हापासून प्रत्येक स्ट्रिंग तयार होताना तिच्यातला सर्वांत मोठा कोड पॉइंट पाहिला जातो आणि त्यावरून संपूर्ण स्ट्रिंगसाठी प्रति कोड पॉइंट १, २ किंवा ४ बाइट अशी एकच रुंदी ठरते. साधी इंग्रजी अक्षरे १ बाइटमध्ये मावतात, देवनागरीला २ बाइट लागतात आणि इमोजी आला की ४.

ही युक्ती प्रत्यक्षात कशी दिसते ते आकड्यांत पाहू. रिकामी स्ट्रिंग ४१ बाइट घेते: ४० बाइटचे शीर्ष आणि शेवटच्या शून्याचा १ बाइट. शीर्षात रेफरन्स काउंट (स्ट्रिंग किती ठिकाणी वापरात आहे ती संख्या), टाइपचा पॉइंटर (मेमरीतला पत्ता), लांबी, एकदा काढून जपून ठेवलेला हॅश (मजकुरावरून काढलेला, शोध जलद करणारा आकडा) आणि रुंदीसारख्या गोष्टींची नोंद असते. ३.११ पर्यंत हाच आकडा ४९ होता. एक जुना, निरुपयोगी झालेला पॉइंटर काढून टाकल्याने ८ बाइट वाचले. आस्कीबाहेरच्या (साध्या इंग्रजी अक्षर-चिन्हांपलीकडच्या) मजकुराचे शीर्ष ५६ बाइटचे असते आणि तिथे तर १६ बाइट वाचले. त्यामुळे ‘विद्यार्थी’ हा १० कोड पॉइंटचा शब्द आज ७८ बाइट घेतो. लाखो लहान स्ट्रिंग बाळगणाऱ्या प्रोग्रामसाठी ही बचत किरकोळ नाही.

आता याची दुसरी बाजू. १० लाख इंग्रजी अक्षरांची, निव्वळ आस्की स्ट्रिंग १०,००,०४१ बाइट घेते. तिच्या शेवटी एक इमोजी जोडला की नव्या स्ट्रिंगचा आकार ४०,००,०६४ बाइट होतो. एका चिन्हापायी ३० लाख बाइट वाढले, कारण रुंदी संपूर्ण स्ट्रिंगला एकच असते. इमोजी हे टोकाचे उदाहरण वाटेल, पण लेखन-सॉफ्टवेअरने आपणहून घातलेले एखादे वक्र अवतरणचिन्हही पुरते. ते २ बाइटच्या वर्गात मोडत असल्याने आकार थेट दुप्पट होतो. यूटीएफ-८ या, फाइल आणि वेबवर रूढ असलेल्या पद्धतीत हाच इमोजी फक्त ४ बाइट वाढवतो आणि ते अवतरणचिन्ह ३. वेबवरून गोळा केलेल्या इंग्रजी मजकुरात अशी चिन्हे सर्रास असतात, त्यामुळे १ बाइटवाल्या रचनेचा गाजावाजा होतो तेवढा लाभ प्रत्यक्षात पदरी पडेलच असे नाही.

देवनागरीचा हिशेब मात्र पायथनच्या बाजूने झुकतो आणि हे नमूद करायलाच हवे. यूटीएफ-८ मध्ये देवनागरीचा प्रत्येक कोड पॉइंट ३ बाइट घेतो, पायथनमध्ये २. निव्वळ देवनागरी हजार कोड पॉइंटचा मराठी परिच्छेद पायथन २,०५८ बाइटमध्ये ठेवतो, तर यूटीएफ-८ मध्ये नुसता मजकूरच ३,००० बाइटचा होतो. अर्थात त्या परिच्छेदात एक इमोजी शिरला की पायथनचा आकडा ४,०६४ वर जातो आणि सगळा फायदा उलटतो.

एवढी उलाढाल कशासाठी, तर एका वचनासाठी: स्ट्रिंगमधला कितवाही कोड पॉइंट स्थिर वेळात हाती देण्यासाठी. सर्व घटक समान रुंदीचे असले की पाच लाखावा कोड पॉइंट कुठे आहे हे एका गुणाकाराने कळते. यूटीएफ-८ मध्ये एक कोड पॉइंट १ ते ४ बाइटचा असल्याने सुरुवातीपासून मोजत जावे लागते. केन थॉम्पसन आणि रॉब पाइक यांनी १९९२ मध्ये ही एन्कोडिंग (मजकूर बाइटमध्ये मांडण्याची पद्धत) आखली आणि पुढे हे दोघे ज्या गो भाषेच्या निर्मात्यांत होते, तिने हे वचन दिलेच नाही. गोमधली स्ट्रिंग म्हणजे एक पॉइंटर आणि एक लांबी, मिळून १६ बाइट. लांबी बाइटमध्ये मोजली जाते आणि क्रमांक दिला तर बाइटच मिळतो. रस्ट आणखी कडक आहे: तिथे एकेका घटकासाठी स्ट्रिंगला असा क्रमांक देता येत नाही, कंपायलरच अडवतो; फक्त बाइटच्या सीमा देऊन तुकडा कापता येतो.

माझा आक्षेप या वचनाच्या किमतीवर आहे. पाच लाखावा कोड पॉइंट प्रत्यक्ष कामात कोणाला हवा असतो? बहुतेक कोड स्ट्रिंग सुरुवातीपासून शेवटपर्यंत वाचतो, काहीतरी शोधतो, तुकडे करतो आणि जोडतो. यांपैकी एकाही कामाला कोड पॉइंटचा क्रमांक मुळात लागत नाही, बाइटचे स्थान पुरते. शिवाय कोड पॉइंट हे वाचकाला दिसणारे अक्षर नव्हेच. ‘विद्यार्थी’ची लांबी पायथन १० सांगतो, जावा आणि जावास्क्रिप्टही १० सांगतात, गो ३० सांगते. वाचणाऱ्याला मात्र त्यात वि, द्या आणि र्थी अशी तीनच अक्षरे दिसतात.

हाच शब्द चौथ्या स्थानापर्यंत कापून पाहिला की या भाषांचे स्वभाव उघडे पडतात. गो पहिले ४ बाइट देते, म्हणजे ‘व’चे ३ आणि वेलांटीचा पहिला एक, पडद्यावर ‘व’पुढे प्रश्नचिन्हाचा चौकोन उमटतो आणि काहीतरी बिघडले हे कोणाच्याही लक्षात येते. रस्ट त्याच जागी प्रोग्राम थांबवते आणि हा बाइट अक्षराच्या सीमेवर नाही, असे स्पष्ट शब्दांत सांगते. पायथन ‘विद्’ असे उत्तर देतो, जे दिसायला स्वच्छ, एन्कोडिंगच्या दृष्टीने वैध आणि वाचकाच्या दृष्टीने चुकीचे आहे. शब्द उलटा केला तर दुसरी वेलांटी कोणत्याही व्यंजनाविना सुरुवातीला येऊन बसते आणि पायथन तेही निमूटपणे करतो. चुकांची ही तिसरी जात सर्वांत वाईट, कारण ती चाचणीत सापडत नाही. इंग्रजी नमुन्यांवर सगळे सुरळीत चालते.

या बाबतीत स्विफ्ट सर्वांच्या पुढे आहे. तिथला ‘कॅरेक्टर’ म्हणजे ग्राफीम क्लस्टर, म्हणजेच साधारणपणे वाचकाला दिसणारे अक्षर. २०१९ च्या स्विफ्ट ५ पासून आतला साठा यूटीएफ-८ मध्ये असतो. ६४-बिट यंत्रावर १५ बाइटपर्यंतचा मजकूर १६ बाइटच्या मूळ रचनेतच मावतो, वेगळी मेमरी मागावी लागत नाही. ‘मराठी’ हा शब्द बरोबर १५ बाइटचा आहे, म्हणजे अगदी काठावर बसतो. याची किंमत अशी की लांबी विचारली की दर वेळी मोजणी होते आणि साध्या पूर्णांकाऐवजी स्ट्रिंगचा खास इंडेक्स वापरावा लागतो, ज्याचा नवशिक्यांना मनस्वी कंटाळा येतो. आणखी एक पेच आहे: क्लस्टरचे नियम युनिकोडच्या आवृत्तीनुसार बदलतात. २०२३ च्या युनिकोड १५.१ ने देवनागरीची जोडाक्षरे न तोडण्याचा नियम मूळ नियमावलीत घेतला. त्यानुसार ‘विद्यार्थी’त ३ क्लस्टर होतात, आधीच्या नियमाने द् आणि र् सुटे पडून ते ५ होत. म्हणजे ही मोजणी डेटाबेसमध्ये कायमची नोंदवून ठेवण्याजोगी नाही. पायथन ३.१२ च्या मूळ लायब्ररीत अशी मोजणी करण्याची सोयच नाही. ‘रेगेक्स’ नावाचे वेगळे पॅकेज बसवावे लागते.

तुलनेचा आणखी एक मुद्दा मराठीत काम करणाऱ्यांना चांगलाच बोचणारा आहे. ‘वाऱ्यावर’ या शब्दातला ऱ युनिकोडमध्ये दोन प्रकारे लिहिता येतो: एकाच कोड पॉइंटने, किंवा साधा र आणि त्याला नुक्ता (अक्षराखालचे टिंब) जोडून. दोन्ही दिसायला सारखे असतात आणि युनिकोडच्या मते समतुल्य आहेत. पायथन, जावा, गो आणि रस्ट मेमरीतले घटक जसेच्या तसे ताडून पाहत असल्याने त्यांना हे दोन वेगळे शब्द वाटतात. स्विफ्ट समतुल्यता पाहून ‘समान’ असे उत्तर देते. पायथनमध्ये दोन्ही बाजूंचे नॉर्मलायझेशन (समतुल्य रूपे एकाच रूपात आणणे) आपणच करावे लागते. त्यासाठीचे ‘युनिकोडडेटा’ हे मोड्युल मूळ लायब्ररीत आहे, पण त्याची आठवण प्रोग्रामरलाच ठेवावी लागते आणि शोध-पेटीत टाइप केलेला शब्द यादीत असूनही सापडत नाही, तेव्हा बहुधा इथेच पाणी मुरते.

जावाबद्दल थोडक्यात: १६-बिट ‘चार’ (char, अक्षर ठेवण्याचा टाइप) हा तिचा पाया युनिकोड १६ बिटांत मावेल या समजुतीवर रचला गेला आणि १९९६ च्या युनिकोड २.० ने ती समजूत मोडल्यावरही तो पाया बदलता आला नाही. २०१७ च्या जावा ९ पासून आत लॅटिन-१ (इंग्रजी आणि पश्चिम युरोपीय अक्षरे) असेल तर १ बाइट, नाहीतर यूटीएफ-१६ (२ किंवा ४ बाइटची पद्धत), अशी दोनच रूपे ठेवली जातात. त्यामुळे वरच्या १० लाख अक्षरांच्या उदाहरणात इमोजी जोडल्यावर जावाचा साठा दुप्पट होतो, चौपट नाही. सीबद्दल तर लिहिण्यासारखे फारसे उरलेले नाही. लांबी कुठेही न नोंदवता शेवटच्या शून्यावर विसंबणे किती महागात पडले, हे बफर ओव्हरफ्लोच्या (ठरलेल्या जागेबाहेर मेमरीत लिहिले जाण्याच्या) इतिहासात पुरेसे आले आहे.

पायथनच्या रोजच्या वागणुकीला मात्र चांगले गुण द्यावे लागतील. स्ट्रिंग बदलता येत नाही, त्यामुळे तिचा हॅश एकदाच काढावा लागतो आणि डिक्शनरीची किल्ली म्हणून ती जलद चालते. स्ट्रिंगचा तुकडा काढला की पायथन त्याची स्वतंत्र प्रत करतो; गोप्रमाणे मूळ मेमरीत वाटा ठेवत नाही. यात वेळ जातो, पण २० अक्षरांचा तुकडा हाती ठेवल्यामुळे मागची शंभर एमबीची फाइल मेमरीत अडकून पडत नाही. ही अडचण गोमध्ये इतकी खरी आहे की २०२२ च्या १.१८ आवृत्तीत मुद्दाम प्रत करणारे ‘क्लोन’ फंक्शन द्यावे लागले. जावानेही २०१२ मध्ये वाटा ठेवण्याची पद्धत सोडून प्रत करण्याचा मार्ग धरला. शिवाय ४ बाइटच्या स्ट्रिंगमधून निव्वळ इंग्रजी तुकडा काढला तर पायथन तो पुन्हा १ बाइटवर आणतो, ही बारकाईची दाद द्यावी अशीच गोष्ट आहे.

बाहेरच्या जगाशी व्यवहार करताना पुन्हा कुरकुर सुरू होते. फाइल, नेटवर्क, डेटाबेस सगळीकडे यूटीएफ-८ चालत असल्याने देवनागरी मजकूर आत येताना रूपांतर होते आणि बाहेर जाताना पुन्हा होते. सी भाषेतल्या एखाद्या एक्स्टेन्शनने (पायथनला जोडलेल्या भागाने) यूटीएफ-८ रूप मागितले तर त्याची प्रत स्ट्रिंगसोबतच जपून ठेवली जाऊ शकते, म्हणजे एकच मजकूर मेमरीत दोन रूपांत नांदतो. आस्कीला हा भार नाही, कारण त्याची दोन्ही रूपे एकच असतात. इंग्रजीवर मोजलेला वेग देवनागरीवर तसाच मिळेल असे गृहीत धरू नये, ते यासाठीच.

आणि हे वचन पाळूनही यूटीएफ-८ वापरता येते. पायपाय या पायथनच्याच दुसऱ्या अंमलबजावणीने २०१९ च्या ७.१ आवृत्तीपासून आतला साठा यूटीएफ-८ केला. क्रमांकाने मजकूर मागितला तरच शोध जलद करणारी पूरक अनुक्रमणी बांधली जाते. ज्याला गरज आहे त्यानेच किंमत मोजावी, हा व्यवहार मला अधिक पटतो. सीपायथनला एक्स्टेन्शनच्या सुसंगतीमुळे तिकडे वळणे अवघड आहे, हेही समजण्यासारखे आहे.

माझ्या मते पाचपैकी साडेतीन. सर्वसाधारण स्क्रिप्ट, वेब सेवा आणि मध्यम आकाराचा मजकूर यांसाठी ही स्ट्रिंग बिनदिक्कत वापरावी. मजकूर संपादक किंवा अक्षरमर्यादा पाळणारा फॉर्म लिहायचा असेल तर पायथनने सांगितलेली लांबी जशीच्या तशी वापरू नये. आणि कोट्यवधी लहान शब्द मेमरीत ठेवायचे असतील तर हा टाइप टाळावा: पाच इंग्रजी अक्षरांच्या शब्दाला ४६ बाइट आणि यादीतल्या पॉइंटरचे ८ असे ५४ बाइट लागतात, तर अपाचे ॲरोसारखी रचना सगळे शब्द एका सलग यूटीएफ-८ पट्ट्यात ठेवून प्रत्येकामागे मजकुराचे ५ आणि स्थानाचे ४, असे ९ बाइटमध्ये भागवते.