पणजी–म्हापसा बस: शटल आणि लोकल, थांब्यांच्या हिशेबाने

पणजी ते म्हापसा साधारण 13 किलोमीटर. या मार्गावर कदंबची (गोव्याच्या सरकारी परिवहन महामंडळाची) शटल धावते आणि थांबत-थांबत जाणारी लोकल, बहुतेक खासगी. दोन्हींतला खरा फरक गाडी कुठे आणि किती वेळ उभी राहते, हा आहे.

शटलचे तिकीट स्टँडवरच खिडकीवर काढायचे. सीट भरल्या की गाडी सुटते आणि मध्ये कुठे थांबत नाही. प्रवाशांची वाट पाहायचे काम स्टँडच्या आवारातच उरकते, रस्त्यावर त्याचा भार येत नाही. टोकापासून टोकापर्यंत जाणाऱ्याने हीच घ्यावी. संध्याकाळी रांग लांबते, पण ती सरकत राहते.

वाटेत पर्वरी, गिरीला उतरणाऱ्यांना लोकलच लागते, म्हणून तिच्याबद्दल जास्त बोलायला हवे. गाडीचा गल्ला वाटेतल्या प्रवाशांवर. त्यामुळे मागची बस आरशात दिसेपर्यंत ही तिठ्यावर रेंगाळते आणि मग बुडालेला वेळ भरून काढायला सुसाट सुटते. पुढचे चाक बस-बेच्या (बस थांबायला रस्त्याकडेला सोडलेल्या जागेच्या) तोंडाशी, मागचे धूड तिरके लेनमध्ये, कंडक्टर फूटबोर्डवरून ‘म्हापसा, म्हापसा’ पुकारतोय. मागचे स्कूटरवाले उजवीकडून काढतात, त्यांना वाट द्यायला दुसऱ्या लेनमधल्या गाड्या ब्रेक मारतात. एक बस अशी अडते आणि दोन लेन तुंबतात.

दोष एकट्या ड्रायव्हरवर टाकणे मात्र अन्यायाचे होईल. 12 मीटरची बस बेमध्ये सरळ लावायची तर पुढे-मागे वळायला मोकळी जागा लागते. बेच्या तोंडाशी एक कार किंवा चार स्कूटर लावलेल्या असल्या की बस आत शिरूच शकत नाही. शिरलीच तर बाहेर पडताना मागून कोणी वाट देत नाही. म्हणून कारवाईचा क्रम महत्त्वाचा: आधी बेमधल्या गाड्या उचला, मग बसवाल्याला चलन द्या. उलटे केले की दंड भरूनही बस तिथेच तिरकी उभी राहणार.

कायदा पुरेसा आहे. मोटार वाहन कायदा, 1988 च्या कलम 72 प्रमाणे पालिका हद्दीत ठरलेल्या जागीच प्रवासी चढवावे-उतरवावेत, अशी अट बसच्या परवान्यात (परमिटमध्ये) घालता येते. चढ-उतारापुरते थांबणे वेगळे आणि त्याहून जास्त वेळ उभे राहणे वेगळे, हा फरक कलम 117 करते. जास्त वेळ थांबायच्या जागा सरकारने ठरवायच्या असतात. पोलिसाला घड्याळ लावायची गरज नाही. शेवटचा प्रवासी चढला आणि तरी गाडी हलत नाही, तिथून तिचे वाट पाहणे सुरू झाले.

दंड मात्र तोकडा वाटतो. 2019 च्या दुरुस्तीनंतर कलम 177 खाली पहिल्या वेळी 500 रुपयांपर्यंत, पुढे 1500 पर्यंत. एवढ्याने मालकाचे काही अडत नाही. कलम 86 खाली अट मोडल्याबद्दल परवाना निलंबित झाला तर गाडी दारात उभी राहते आणि रोजचा गल्ला बुडतो. वारंवार मोडणाऱ्यांवर हेच कलम लावायला हवे, कारण रेंगाळण्याचा फायदा अखेर मालकाच्याच गल्ल्यात जातो.

प्रवाशांनीही सिग्नलपाशी हात दाखवू नये, शेडखाली उभे राहावे. हात दिसला की बस तिथेच थांबते. उतरायचे असेल तर एक थांबा आधीच कंडक्टरला सांगून दाराशी यावे, म्हणजे गाडी काही सेकंदांत मोकळी होते. तक्रार करायची असेल तर फोटो मागून घ्यावा: नंबर प्लेट, रस्त्यावरचा पट्टा आणि रिकामी बस-बे एकाच चौकटीत आली पाहिजे. तारीख, वेळ आणि बस पणजीकडे जात होती की म्हापशाकडे, हेही सोबत लिहावे.